कंपनीची मुलगी: फेलिसिटी केंडल

रसिकहो, नमस्कार.

आजच्या व्याख्यानासाठी मी फेलिसिटी केंडल हे नाव कळवलं, तेव्हा फोनवरच्या ताईंनी विचारलं, "म्हणजे शशी कपूर यांच्या मेहुणी ना?" हो, त्याच. ही ओळख खरी आहे आणि तिच्याकडे आपण येणारही आहोत. पण इंग्लंडमध्ये विचारलंत तर उत्तर वेगळं मिळेल. साठी ओलांडलेला माणूस म्हणेल, "बार्बरा! 'द गुड लाइफ' मालिकेतली." नाटकवेडा असेल तर तो टॉम स्टॉपर्डची नाटकं बोटांवर मोजायला लागेल. एकाच बाईच्या या तीन ओळखी, आणि एकीचा दुसरीला फारसा पत्ता नाही. आज मला त्यांची गाठ घालून द्यायची आहे. माझ्या मते तिन्हींचं मूळ एकच आहे. ती फिरत्या नाटक कंपनीत वाढली. पुढच्या साठ वर्षांच्या कामात मला सतत ती कंपनीच दिसत राहते.

मी तिला 'ती' म्हणणार आहे. वयानं आणि मानानं ती मोठी आहे, पण आवडत्या नटीला आपण मनात अहो-जाहो करत नाही.

सुरुवात आडनावापासून करू. केंडल हे त्यांच्या घराण्याचं आडनाव नव्हेच. वडील जेफ्री यांचं मूळ आडनाव ब्रॅग. उत्तर इंग्लंडमधल्या केंडल नावाच्या गावी ते जन्मले आणि रंगभूमीवर आल्यावर त्यांनी गावाचंच नाव लावलं. आपल्याकडच्या सातारकर-नागपूरकरांना हे समजावून सांगायला नको. आई लॉरा लिडेल, त्याही नटी. थोरली मुलगी जेनिफर १९३४ सालची आणि धाकटी फेलिसिटी २५ सप्टेंबर १९४६ ची. दोघी बहिणींत बारा वर्षांचं अंतर. हे अंतर लक्षात ठेवा, शेवटी आपल्याला त्याच्याकडे परत यायचं आहे.

फेलिसिटी पहिल्यांदा रंगमंचावर गेली तेव्हा नऊ महिन्यांची होती. 'अ मिडसमर नाइट्स ड्रीम' नाटकात पऱ्यांचा राजा आणि राणी ज्या पळवून आणलेल्या पोरासाठी भांडतात, ते पोर म्हणून तिला कडेवर घेऊन नेलं होतं. शेक्सपिअरच्या संहितेत त्या पोराला एकही वाक्य नाही, नुसता उल्लेख आहे. पण घरात तान्हं मूल आहे, मग त्याला नाटकात घ्या! ही खास कंपनीची रीत. आपल्या जुन्या नाटक मंडळ्यांच्या बिऱ्हाडांतही हेच चालायचं. मूल रांगायला लागलं की विंगेत आणि चालायला लागलं की रंगमंचावर.

केंडल मंडळी १९४७ साली आपल्या 'शेक्सपिअराना' या कंपनीचा दौरा घेऊन भारतात आली होती. १९५३ मध्ये ती पुन्हा आली आणि या वेळी मुक्काम लांबला. फेलिसिटी तेव्हा सात वर्षांची होती. पुढचं सगळं बालपण इथं, रेल्वेच्या डब्यात, कपड्यांच्या ट्रंकांमध्ये, कॉन्व्हेंट शाळा बदलत बदलत गेलं. कंपनी शाळांच्या सभागृहांत खेळ करायची, तशीच संस्थानिकांच्या राजवाड्यांतही करायची. आज 'ऑथेल्लो', उद्या 'मर्चंट ऑफ व्हेनिस', परवा शॉचं एखादं नाटक. माणसं मोजकी, त्यामुळे एकेकानं तीन-तीन भूमिका करायच्या, कपडे धुवायचे, तिकिटं बघायची, दिवे लावायचे. बंगाली रंगभूमीचे उत्पल दत्त याच कंपनीत घडले. पृथ्वीराज कपूर यांच्या कंपनीतला त्यांचा धाकटा मुलगा शशी इथं आला, काम करू लागला आणि १९५८ मध्ये त्यानं जेनिफरशी लग्न केलं.

मी स्वतः चाळीस वर्षं हौशी रंगभूमीवर काढली. राज्य नाट्य स्पर्धेसाठी तालुक्याच्या गावी पोचायचं, तिथल्या रंगमंचाची खोली पावलांनी मोजायची, एखादी विंग कमी पडली तर चादर टांगायची, हे सगळं केलेलं आहे. त्यातून एक सवय अंगात मुरते. समोर जे काही आहे त्यात खेळ उभा करायचा, आणि सोबतचा नट अडखळला तर आपलं वाक्य बाजूला ठेवून आधी त्याला सावरायचं. शाळेत हे शिकवता येत नाही. फेलिसिटी कुठल्याही नाट्यशाळेत गेली नव्हती. तिची नाट्यशाळा म्हणजे हीच बारा वर्षं.

या आयुष्याचं एक चित्र आपल्याकडे शिल्लक आहे. इस्माईल मर्चंट आणि जेम्स आयव्हरी यांचा १९६५ चा 'शेक्सपिअरवाला' हा चित्रपट. पटकथा रूथ प्रवर झाबवाला यांची, कॅमेरा सुब्रत मित्रांचा, संगीत सत्यजित राय यांचं. जेफ्रींच्या डायरीवरून कल्पना सुचली होती. पडद्यावर नाव बकिंगहॅम असलं, तरी आई-वडील स्वतः जेफ्री आणि लॉराच आहेत. मुलगी लिझी म्हणजे फेलिसिटी. लिझी ज्याच्या प्रेमात पडते तो संजू म्हणजे शशी कपूर, प्रत्यक्षातले तिचे मेहुणे. जेनिफर एका लहानशा भूमिकेत दिसते.

पुण्यात एका फिल्म क्लबात मी तो पहिल्यांदा पाहिला. त्यातला एक प्रसंग डोळ्यांसमोरून जात नाही. 'ऑथेल्लो' शेवटाकडे आलेलं असतं, आणि नेमकी त्याच वेळी सिनेतारका मंजुळा, म्हणजे मधुर जाफरी, उशिरा येऊन आपल्या राखीव जागेवर बसते. झालं, सगळं प्रेक्षागृह तिच्याकडे वळतं. सह्या घ्यायला झुंबड उडते. रंगमंचावर डेस्डेमोनाचा जीव जातो आहे आणि लोकांच्या माना उलट्या दिशेला! या भूमिकेसाठी जाफरींना बर्लिन महोत्सवात सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा पुरस्कार मिळाला, तो योग्यच होता. पण मला तिथं आठवते लिझी. ती अठरा-एकोणीस वर्षांची मुलगी अभिनय करते आहे असं वाटतच नाही. तिला अशा रात्री माहीत आहेत.

चित्रपटातली कंपनी उतरणीला लागलेली आहे. सिनेमानं प्रेक्षक पळवला, साहेबाचं राज्य गेलं, शाळांना आता नाटकापेक्षा खेळांची स्पर्धा महत्त्वाची वाटते. जेफ्रींना हा सूर पटलेला नव्हता. त्यांच्या अनुभवात भारतातल्या प्रेक्षकांनी शेक्सपिअर शेवटपर्यंत मनापासून पाहिला होता. मला त्यांचं म्हणणं महत्त्वाचं वाटतं. चित्रपट सुंदर आहे, पण त्याच्यावर विसंबून केंडलांच्या कंपनीला बुडालेलं जहाज समजू नये.

चित्रपटाच्या शेवटी लिझी बोटीनं इंग्लंडला जाते. फेलिसिटीही त्याच सुमारास गेली. तिथं तिला लगेच पायघड्या घातल्या गेल्या असतील असं आपल्याला वाटेल, पण तसं झालं नाही. भारतात घडलेल्या या मुलीला लंडनच्या नाट्यव्यवसायात कुणी ओळखत नव्हतं. १९६६ मध्ये बीबीसीच्या एका नाटकात थोर नट जॉन गिलगुड यांच्यासमोर काम मिळालं. लंडनच्या रंगभूमीवर पहिलं पाऊल पडलं १९६७ मध्ये, सॅव्हॉय थिएटरमध्ये. पुढची सहा-सात वर्षं लहान-मोठी कामं करण्यात गेली. ती मी भराभर ओलांडते, कारण खरं वळण १९७४ चं आहे.

त्या वर्षी ग्रिनिच थिएटरमध्ये अॅलन एकबर्न यांचं 'द नॉर्मन कॉन्क्वेस्ट्स' आलं. हे एक नाटक नव्हे, तीन आहेत. एकाच घरातली तीच सहा माणसं, तेच शनिवार-रविवार. पहिलं नाटक जेवणघरात घडतं, दुसरं बैठकीच्या खोलीत आणि तिसरं बागेत. जेवणघरातून एखादा चिडून बाहेर पडला की तो बागेत कसा पोचला ते दुसऱ्या दिवशीच्या नाटकात कळतं. अशा लेखनात एका नटाची वेळ चुकली तर तिन्ही नाटकं लंगडी पडतात. टॉम कोर्टनी, मायकेल गॅम्बन, पेनेलोपी कीथ अशी तालेवार मंडळी त्यात होती. फेलिसिटीनं अॅनी केली. अंथरुणाला खिळलेल्या आईचं करण्यात जिचं तारुण्य चाललंय अशी धाकटी मुलगी. अशा अॅनी आपल्या वाड्यांत, चाळींत पुष्कळ पाहिल्या आहेत. आणि ही अॅनी बहिणीच्याच नवऱ्याबरोबर दोन दिवस पळून जायचा बेत करते! विनोदी नाटक आहे, पण अॅनीची घुसमट खरी वाटली नाही तर हसू येणार नाही, नुसता चावटपणा उरेल.

या नाटकानं तिला थेट दूरदर्शन मालिकेत नेऊन बसवलं. बीबीसीला रिचर्ड ब्रायर्स या लोकप्रिय नटासाठी नवी मालिका करायची होती. फेलिसिटी आणि पेनेलोपी कीथ या दोघींची निवड त्या नाटकातल्या कामावरून झाली. चौथे पॉल एडिंग्टन. एप्रिल १९७५ मध्ये 'द गुड लाइफ' सुरू झाली. लेखक जॉन एस्मंड आणि बॉब लार्बी.

गोष्ट साधी आहे. लंडनच्या सर्बिटन या सुखवस्तू उपनगरात टॉम गुड राहतो. न्याहारीच्या पाकिटांतून लहान मुलांसाठी जी प्लॅस्टिकची खेळणी निघतात, त्यांचे नमुने काढायची त्याची नोकरी. चाळिसाव्या वाढदिवशी त्याला वाटतं, हे काय चाललंय आपलं? तो नोकरी सोडतो. बायको बार्बरा आणि तो मिळून बागेतली हिरवळ नांगरतात, बटाटे लावतात, डुकरं, कोंबड्या आणि एक शेळी पाळतात. शेजारी आहेत जेरी आणि मार्गो. जेरी टॉमचाच सहकारी. मार्गोला कुंपणापलीकडचा हा शेणामुताचा संसार बघवत नाही आणि या दोघांवाचून करमतही नाही.

१९७० च्या दशकात इंग्लंडात महागाई होती, तेलाचं संकट येऊन गेलं होतं, संप चालू होते. स्वतःच्या परसात पिकवून खायची कल्पना तेव्हा हवेत होती. पण मालिका टिकली ती या चार नटांमुळे. पहिल्या भागात तर मार्गो दिसतही नाही, नुसता आवाज येतो. लेखकांनी तिला मुळात एवढी मोठी धरलेली नव्हती. पेनेलोपी कीथ यांनी ती मोठी केली. आणि इथंच मला फेलिसिटीविषयी काही सांगायचं आहे.

१९७७ च्या नाताळचा भाग मिळवून बघा. मार्गोनं नाताळचं सगळं सामान दुकानातून मागवलेलं असतं. झाड ठरल्यापेक्षा थोडं बुटकं निघतं, म्हणून ती सगळंच परत पाठवते, आणि मग काहीच येत नाही. ऐन सणाला घरात ना जेवण, ना सजावट. टॉम-बार्बरा दोघांना आपल्या घरी घेऊन येतात. तिथं सगळं घरचं. वाटाण्याच्या शेंगांची घरीच केलेली दारू, वर्तमानपत्राच्या कागदी टोप्या. मार्गोच्या वाट्याला 'डेली मिरर' या सामान्य लोकांच्या पेपरची टोपी येते. ती घालणार नाही म्हणून मार्गो अडून बसते. तिला वरच्या वर्गाच्या 'टेलिग्राफ'चीच हवी! या प्रसंगात हशा मार्गोचा आहे, टाळी मार्गोची आहे. पण तुम्ही एकदा फक्त बार्बराकडे बघा. ती ऐकते आहे. मार्गोच्या प्रत्येक शब्दाचा परिणाम तिच्या चेहऱ्यावर उमटतो, आणि आपण मार्गोला हसतो ते तिच्या डोळ्यांतून बघून. ती मार्गोवर प्रेम करते म्हणून आपणही करतो. नाहीतर मार्गो केवळ आढ्यताखोर बाई झाली असती.

आपल्याकडे तालमीत म्हणतात, 'लाफ त्याचा आहे, तू फीड नीट दे.' म्हणजे हशा त्याला मिळू दे, तू त्याची नीट तयारी करून दे. ऐकायला सोपं. करताना भल्याभल्यांचा जीव वर-खाली होतो. आपलं वाक्य संपल्यावर चेहऱ्यानं काहीतरी करून दोन हशे स्वतःकडे ओढायचा मोह कुणाला होत नाही? फेलिसिटी तो कधी करत नाही. हे कंपनीचं शिक्षण. उद्या तीच माणसं, तोच डबा, तोच पिठलं-भात. आज ज्याचा हशा तुम्ही खाल्ला, तो उद्या तुमच्या प्रवेशात कसा वागेल? त्या काळी बीबीसीत अशा मालिकांचं काम नाटकासारखंच चाले. आठवडाभर तालीम आणि मग एका संध्याकाळी स्टुडिओत प्रेक्षक बसवून चित्रीकरण. त्या भागांतलं हसणं समोर बसलेल्या माणसांचं आहे. कंपनीत वाढलेल्या मुलीला ते घरच्यासारखं वाटलं असलं पाहिजे.

१९७८ मध्ये अखेरचा भाग खुद्द राणी एलिझाबेथ यांच्यासमोर झाला. एकूण भाग तीसच. तेवढ्यावर ती देशाची लाडकी झाली. ते लाडकेपण तिला महागही पडलं असं मी म्हणेन. १९८१ मध्ये तिच्या देहावरून एक थिल्लर किताब तिला दिला गेला आणि वर्तमानपत्रांनी तो वर्षानुवर्षं चघळला. आजही तिच्यावरचा लेख उघडला की पहिल्या दोन परिच्छेदांत तो येतोच. मला याचा खरोखर राग येतो. कारण त्याच १९८१ साली ती लंडनच्या नॅशनल थिएटरमध्ये टॉम स्टॉपर्ड यांच्या 'ऑन द रॅझल' नाटकात क्रिस्टोफर नावाच्या उमेदवार पोऱ्याचं, म्हणजे मुलग्याचं, काम करत होती. त्याआधी १९७९ मध्ये तिथंच पीटर हॉल यांच्या दिग्दर्शनाखाली 'अमाडेअस'च्या पहिल्याच निर्मितीत संगीतकार मोझार्टची बायको कॉन्स्टान्झ केली. मोझार्टवर जळणारा संगीतकार सालिएरी होते पॉल स्कोफिल्ड, मोझार्ट सायमन कॅलो. १९८० मध्ये स्कोफिल्ड यांच्याच ऑथेल्लोसमोर ती डेस्डेमोना झाली. ज्या नाटकाच्या ट्रंका लहानपणी गावोगाव पाहिल्या, तेच नाटक आता नॅशनल थिएटरमध्ये.

इथं नाटकवाल्यांचं जुनं दुखणं आड येतं. टीव्हीचं काम राहिलं, नाटकाचं गेलं. बार्बरा आजही कुठंही बघता येते. बीबीसीनं १९८० मध्ये केलेल्या 'ट्वेल्थ नाइट'मधली तिची व्हायोलाही राहिली आहे, ती जरूर बघा. पण 'द रिअल थिंग'ची १९८२ ची अॅनी? 'अर्केडिया'ची १९९३ ची हॅना? ज्यांनी पाहिली त्यांनी पाहिली. आपण बालगंधर्वांविषयी आजोबांकडून ऐकतो तसं ते ऐकायचं. त्यामुळे तिच्या कारकिर्दीचा मोठा भाग जगाच्या नजरेतून निसटला आणि छोटा भाग ठसठशीत राहिला.

स्टॉपर्ड यांच्याविषयी थोडं थांबून बोलते. त्यांची भाषा भरधाव, विचारांची कोलांटउडी मारणारी. नट जरा जड असला तर प्रेक्षक मागे पडतो. त्यांनी तिच्याबरोबर एकामागून एक नाटकं केली: 'द रिअल थिंग', 'जंपर्स'चा १९८५ चा नवा संच, 'हॅपगुड', 'अर्केडिया'. 'अर्केडिया'त एकाच खोलीत दोन काळ चालतात, १८०९ आणि आजचा. हॅना जार्व्हिस ही आजच्या काळातली, जुन्या बागांचा इतिहास शोधणारी विदुषी. कोरडी, हुशार, कुणाला जवळ येऊ न देणारी. बार्बरावर प्रेम करणाऱ्या प्रेक्षकाला ही हॅना परकी वाटली असेल. तरी एक गंमत बघा. बार्बरा मातीत, हॅना बागेच्या इतिहासात. २००३ पासून 'रोझमेरी अँड थाइम' ही मालिका आली, त्यात पॅम फेरिस यांच्याबरोबर ती बागकाम करता करता खुनांचा छडा लावते. आणि त्याच २००३ साली तिनं सॅम्युएल बेकेट यांच्या 'हॅपी डेज'मधली विनी केली, पुन्हा पीटर हॉल यांच्याच दिग्दर्शनाखाली.

विनी पहिल्या अंकात कंबरेपर्यंत मातीच्या ढिगात पुरलेली असते. हाताशी एक पिशवी, तिच्यात दात घासायचा ब्रश, आरसा, एक पिस्तूल. डोक्यावर छत्री. ती बोलत राहते, दिवस किती छान आहे म्हणते. दुसऱ्या अंकात माती गळ्यापर्यंत आलेली. आता हात नाहीत, मान वळत नाही. नटीकडे उरतात डोळे, ओठ आणि आवाज. नवरा ढिगामागे, क्वचित काही पुटपुटणारा. आयुष्यभर जी दुसऱ्याचं ऐकण्यातून खेळली, तिला इथं जवळजवळ एकटीनं सगळा डोलारा पेलायचा. तीन तासांचं 'हॅम्लेट' करणाऱ्या नटांनाही विनीची धास्ती वाटते, आणि तेव्हा ती पन्नाशीच्या उत्तरार्धात होती. याच सुमारास रविवारी संध्याकाळी लोक तिला टीव्हीवर गुलाबांची छाटणी करताना बघत असत. ही झेप इंग्रजी समीक्षकांनी पुरेशी मनावर घेतली नाही असं माझं मत आहे.

आता मी स्वतः पाहिलेलं सांगते. २०२३ च्या फेब्रुवारीत लेकीकडे लंडनला होते. फिनिक्स थिएटरमध्ये 'नॉइजेस ऑफ' लागलं होतं. मायकेल फ्रेन यांचं १९८२ चं प्रहसन. आम्ही सगळ्यात वरच्या सज्ज्यात, स्वस्त तिकिटावर. हे नाटक आहे दौऱ्यावरच्या नाटक कंपनीचं! पहिल्या अंकात रंगीत तालीम, दुसऱ्यात सेट उलटा फिरतो आणि आपण विंगेच्या बाजूनं तोच अंक बघतो, तिसऱ्यात दौऱ्याच्या शेवटी सगळ्याचा पार बोजवारा. फेलिसिटी डॉटी ओटली झाली होती. टीव्हीवर नाव कमावलेली आणि आता स्वतःचे पैसे या दौऱ्यात घातलेली वयस्क नटी. पडदा उघडतो. डॉटी हातात सार्डिन माशांची बशी घेऊन येते. फोन वाजतो. बोलून झाल्यावर तिला नेमकं आठवत नाही: मासे न्यायचे की ठेवायचे? रिसीव्हर खाली ठेवायचा की नाही? वर्तमानपत्र हातात घ्यायचं की कोचावर? प्रेक्षागृहाच्या अंधारातून दिग्दर्शक सूचना देतो आणि ती पुन्हा पहिल्यापासून जाते. मासे, फोन, पेपर. मासे, फोन, पेपर.

माझ्या शेजारची इंग्रज बाई हसून हसून रडत होती. मी हसता हसता एकदम गप्प झाले. तालमीतला तो गोंधळ, ते पुटपुटत पावलं मोजणं, बशी कुठल्या हातात हे शरीराला शिकवत राहणं, मला इतकं ओळखीचं होतं. आणि समोर शहात्तर वर्षांची बाई जे करत होती त्यात सेकंदाचीही चूक चालणार नव्हती. विसरण्याचा अभिनय करायला आधी सगळं चोख पाठ लागतं. लेक म्हणाली, "आई, काय झालं?" मी म्हटलं, "ही नऊ महिन्यांची असल्यापासून दौऱ्यावर आहे."

आता जेनिफरकडे येते. तिच्याशिवाय फेलिसिटीची गोष्ट अर्धी राहील. थोरली बहीण मुंबईतच राहिली. तिनं आणि शशी कपूर यांनी जुहूला पृथ्वी थिएटर उभारलं. ५ नोव्हेंबर १९७८ ला ते उघडलं, तेव्हा पहिलं नाटक कुठलं होतं ठाऊक आहे? आपल्या गो. पु. देशपांडे यांचं 'उद्ध्वस्त धर्मशाळा', हिंदीतून. नसीरुद्दीन शाह, ओम पुरी, बेंजामिन गिलानी. म्हणजे केंडलांच्या कंपनीचं जे बिऱ्हाड भारतभर फिरलं, ते शेवटी मुंबईत स्थिरावलं, आणि त्या घराचा पहिला प्रयोग मराठी लेखणीतून उतरलेला होता. पृथ्वीच्या पायऱ्यांवर चहा पिताना हे आपल्याला आठवायला हवं. जेनिफर १९८४ मध्ये गेली, अवघी पन्नास वर्षांची. अपर्णा सेन यांच्या '३६ चौरंगी लेन'मधलं तिचं काम नुकतंच जगानं पाहिलं होतं.

आता शेवटचं नाटक. स्टॉपर्ड स्वतः लहानपणी काही वर्षं भारतात, दार्जिलिंगला शिकलेले. चेकोस्लोव्हाकियातून युद्धामुळे सिंगापूरमार्गे इथं आलेलं कुटुंब. त्यांनी १९९१ मध्ये बीबीसी रेडिओसाठी 'इन द नेटिव्ह स्टेट' लिहिलं आणि त्याचंच १९९५ मध्ये 'इंडियन इंक' हे रंगमंचीय नाटक केलं. फ्लोरा क्रू ही इंग्रज कवयित्री १९३० मध्ये जुम्मापूर या काल्पनिक संस्थानात येते. निरद दास हा चित्रकार तिचं चित्र काढतो. तिला रससिद्धान्त समजावून सांगतो. शृंगाराचा रंग श्याम आणि देवता विष्णू, हे लंडनच्या रंगमंचावर बोललं जातं. फ्लोराच्या पत्रांतून आपल्याला सगळं कळतं आणि ती पत्रं आहेत इंग्लंडमधल्या धाकट्या बहिणीला, एलिनॉरला. फ्लोरा भारतातच वारते. पन्नासेक वर्षांनी ती धाकटी बहीण, आता म्हातारी मिसेस स्वॉन, इंग्लंडमधल्या आपल्या बागेत निरद दासच्या मुलाला चहा आणि केक देत बसलेली आहे.

रेडिओवर आणि नंतर रंगमंचावर फ्लोरा होती फेलिसिटी. रेडिओवरची म्हातारी बहीण पेगी अॅशक्रॉफ्ट, त्या त्याच वर्षी गेल्या. १९९५ मध्ये मार्गरेट टायझॅक. नाटक छापलं गेलं तेव्हा ते लॉरा केंडल यांच्या स्मृतीला अर्पण केलेलं होतं. तीन वर्षांपूर्वीच त्या वारल्या होत्या. त्या सुमारास फेलिसिटीची भारतातली मुळं तिला पुन्हा बोलावत असावीत. १९९८ मध्ये वडीलही गेले, आणि त्याच वर्षी 'व्हाइट कार्गो' हे कंपनीच्या दिवसांचं तिचं आत्मकथन आलं.

आणि आता अगदी अलीकडचं. डिसेंबर २०२५ मध्ये लंडनच्या हॅम्पस्टेड थिएटरमध्ये 'इंडियन इंक' पुन्हा आलं. प्रयोग सुरू होण्याच्या काही दिवस आधी, २९ नोव्हेंबरला, स्टॉपर्ड गेले. तालमी संपत आल्या असतील, तिकिटं विकली गेली असतील. पडदा ठरल्या दिवशी वर गेला. या वेळी फ्लोरा एक तरुण नटी होती. फेलिसिटी, एकोणऐंशी वर्षांची, मिसेस स्वॉन झाली होती.

विचार करा. जी एकदा भारतात गेलेली थोरली बहीण झाली होती, ती तीस वर्षांनी इंग्लंडमध्ये म्हातारी झालेली धाकटी बहीण झाली. प्रत्यक्ष आयुष्यात ती धाकटीच. थोरली मुंबईत राहिली, नाटकघर बांधून गेली. नाटक लिहिणारा मित्र आठवड्यापूर्वी गेलेला. आई-वडील कधीच गेले. त्या कंपनीच्या बिऱ्हाडातली ती एकटी उरली आहे, आणि रंगमंचावर तिला करायचं काय, तर बागेतल्या खुर्चीत बसून पाहुण्याला केकचा आणखी एक तुकडा हवा का ते विचारायचं, आणि बहिणीची पत्रं कुणीतरी वाचत असताना ऐकत राहायचं.